पाचवी खाण

(वडोदऱ्यात दांडिया बाजार इथे दिलेल्या व्याख्यानाचं संपादित लेखन)

जीव चार खाणींतून जन्मतात, असं आपल्याकडे मानलं आहे. जारज, अंडज, स्वेदज आणि उद्भिज्ज. वारेतून, अंड्यातून, घामातून आणि जमीन फोडून. गेली काही वर्षं मी एका पाचव्या खाणीत रमलो आहे: स्वप्नज. माणसाच्या झोपेत जन्म घेणारे जीव. ते माझ्या कल्पनेतले आहेत, पण त्यांना घडवताना एक नियम मी पाळला. स्वप्नाविषयी जे ठाऊक आहे, त्यावरच त्यांचा संसार उभा करायचा. त्यांना पंख आणि चांदीचे महाल देऊन टाकले असते, तर ते आपल्याच गोष्टींतले राजेरजवाडे झाले असते.

आधी जन्माचं बघू. १९५३ साली शिकागो विद्यापीठातल्या युजीन असेरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी झोपेतली एक अवस्था जगापुढे मांडली. मिटलेल्या पापण्यांखाली बुबुळं भराभर हलतात, आणि त्या वेळी जागं केलं तर माणूस बहुधा स्वप्न सांगतो. हिला रेम झोप म्हणतात. साधारण दर दीड तासाने ती येते, रात्रीतून चार-पाचदा, आणि पहाटेकडे लांबत जाते. म्हणजे रात्रीच्या पहिल्या प्रहरात जन्मलेल्या स्वप्नजाला जेमतेम काही मिनिटं मिळतात. पहाटे जन्मलेल्याला चांगली सवड मिळते. पहाटेचं स्वप्न खरं होतं, असं आजी म्हणायची. स्वप्नजांमध्येही पहाटेच्या जन्माला मान आहे, कारण तेवढ्या वेळात चालायला शिकता येतं.

आणि चालणं त्यांना भाग आहे. रात्र एका जागी थांबत नाही. आपल्या वडोदऱ्याच्या अक्षांशावर ती ताशी सुमारे १५०० किलोमीटर वेगाने पश्चिमेकडे सरकते. ज्याला झोपलेल्या माणसातच राहता येतं, त्याला तिच्याबरोबर निघावं लागतं. शहरातल्या मांडवीच्या बाजूला दूधवाल्यांच्या सायकली वाजू लागल्या की यांचा तळ हलतो. मग कच्छ, कराची, इराण. एका झोपेतून दुसऱ्या झोपेत. मी याला वारी म्हणतो, पण या वारीला पंढरपूर नाही.

या वाटेवर सगळ्यांत कठीण टप्पा प्रशांत महासागराचा. अमेरिकेचा किनारा संपला की पुढे हजारो किलोमीटर झोपलेली माणसंच नाहीत. हवाई लागतं, नंतर विरळ बेटं, आणि मध्ये कुठेतरी एखाद्या मालवाहू जहाजावर पाळी संपवून आडवा झालेला खलाशी. त्या एका खलाशाच्या झोपेत किती जणांनी दाटीवाटीने रात्र काढायची? हा प्रश्न मला सुचला, तेव्हा त्यांची नीती मला पहिल्यांदा दिसली. आत कोणाला घ्यायचं हे ठरवायला त्यांच्याजवळ कागद नाही, यादी नाही. स्वप्नातली अक्षरं टिकत नाहीत. वाचलेली ओळ पुन्हा बघावी तर बहुतेकदा ती बदललेली असते. म्हणून त्यांच्याकडे लिपी नाही, दिलेला शब्द आहे. हरिश्चंद्राने स्वप्नात दिलेलं राज्य जागेपणी सोडलं, ही कथा आपण सत्यवचनाची म्हणून सांगतो. त्यांच्याकडे तो रोजचा व्यवहार आहे. मागच्या फेरीत ज्याला जागा कबूल केली, त्याला ती द्यायचीच.

जे म्हातारे झाले, जे रात्रीच्या मागे पळू शकत नाहीत, त्यांचं काय? त्यांच्यासाठी मला घोडियं सापडलं, म्हणजे बाळाचा गुजराती पाळणा. संखेड्याचं, रंगीत लाकडाचं, आपल्याकडच्या किती घरांत असतं ते. नवजात बाळ दिवसाचे सोळा-सतरा तास झोपतं आणि त्यातली साधारण निम्मी झोप रेमची असते. भर दुपारी, उन्हातसुद्धा, तिथे रेम झोप चालू असते. बाळांच्या झोपा ही स्वप्नजांची न हलणारी गावं. बाळाने अजून जग पाहिलेलं नाही, म्हणून त्या गावांत घरं नाहीत, चेहरे नाहीत. ऊब आहे, दुधाचा वास आहे, आईच्या आवाजाचा चढउतार आहे. म्हाताऱ्यांना तेवढं पुरतं.

आता त्यांच्यातल्या सर्वांत मानाच्या कामाकडे येतो. त्याचा उगम वडोदऱ्यात बसूनच कळावा असा आहे. सतराव्या शतकात याच गावच्या प्रेमानंदाने 'ओखाहरण' रचलं. आमच्या वाड्यातल्या शेजारच्या मासी चैत्रात मीठ सोडून ते म्हणायच्या आणि आम्ही मराठी मुलं उंबऱ्यावर बसून ऐकायचो. ओखा म्हणजे आपली उषा, बाणासुराची मुलगी. स्वप्नात तिने एक पुरुष पाहिला, नाव ठाऊक नाही, गाव ठाऊक नाही. सखी चित्रलेखा एकेकाचं चित्र काढत गेली आणि अनिरुद्धाच्या चित्रापाशी उषेची मान लाजेने खाली गेली. मग चित्रलेखेने द्वारकेहून, पलंगावर झोपलेल्या अनिरुद्धाला उचलून आणलं. सगळे उषेकडे बघतात. मी लहानपणापासून चित्रलेखेकडे बघत आलो. दुसऱ्याच्या स्वप्नात कोण होतं, हे न पाहता ओळखणारी ती! स्वप्नजांना तीच हवी असते. फिरता फिरता आपण मूळ कोणाच्या झोपेत जन्मलो हे ते विसरतात. ते शोधून देणाऱ्यांना माझ्या जगात चित्रलेखाच म्हणतात.

हे काम मी आत्याकडून शिकलो. ती जन्मांध होती. जन्मांधांच्या स्वप्नांत साधारणपणे दृश्य नसतं. आवाज, स्पर्श, वास असतात. उठल्यावर ती कूस न बदलता पडून राहायची, रात्री कोण कोण आलं ते मनाशी घोळवायची, आणि तोवर आम्ही कोणी तिच्याशी बोलायचं नाही असा घरचा रिवाज होता. एक माणूस वारंवार यायचा. बोलायचा नाही. त्याची चप्पल उजव्या पायाला करकरायची आणि जवळ आला की ओल्या खादीचा वास यायचा. तो कोण, हे तिला शेवटपर्यंत कळलं नाही. घरातल्या प्रत्येक पुरुषाला तिने अंगणातून चालायला लावून पाहिलं होतं, मलासुद्धा.

स्वप्नजांचा जो नकाशा मी काढतो आहे, त्यात तो माणूस आहे. आत्या गेली, त्याला सतरा वर्षं झाली. कोणाच्या झोपेतून कोणाच्या झोपेत तो आता चालतो आहे, हे मला अजून काढता आलेलं नाही.