शाळा कुठे, हे कोर्ट ठरवतं का?

नमस्कार, श्रोतेहो.

वस्तीसाठी मंजूर झालेली महापालिकेची शाळा लांब कुठेतरी बांधायचं ठरलं, की लोक संतापतात, वर्गणी काढतात आणि मुंबईच्या फोर्टात वकील गाठतात. मागणी एकच असते : हायकोर्टानं सांगावं, शाळा आमच्याकडेच बांधा. कोर्ट सहसा असं सांगत नाही. त्यामुळे हताश होऊन परतलेले पालक मी पाहिले आहेत, म्हणून आज याविषयी बोलतोय.

घटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका, म्हणजे सरकारी निर्णयाविरुद्ध हायकोर्टात केलेला अर्ज, ऐकताना न्यायाधीश आयुक्तांच्या खुर्चीत बसत नाहीत. १९९४ साली टाटा सेल्युलर खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं हे स्पष्ट केलं की कोर्ट निर्णयावरचं अपील ऐकत नाही, तो कसा घेतला गेला हे तपासतं. अधिकार होता का? कायद्यानं घालून दिलेली पद्धत पाळली का? की निर्णय इतका अवाजवी आहे की कुठल्याही समंजस अधिकाऱ्यानं तो घेतला नसता? दोन जागा सारख्याच चालण्याजोग्या असतील, तर निवड सरकारची. मला हे योग्यच वाटतं. शहराचा नकाशा कोर्टात बसून आखता येत नाही.

पण म्हणून कोर्टाचे हात बांधलेले नाहीत. बंगळुरात उद्यानासाठी राखलेली जागा खासगी रुग्णालयाला दिली गेली, रहिवासी कोर्टात गेले आणि १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयातही तेच जिंकले. उद्यानाच्या जागी शाळेचं आरक्षण, म्हणजे शाळेसाठी राखलेली जागा, ठेवून बघा, मुंबईतल्या कितीतरी वस्त्यांना ही गोष्ट ओळखीची वाटेल.

शाळेच्या बाबतीत तर कायदा आणखी भक्कम आहे. शिक्षण हक्क कायदा १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याच्या कलम ६ नुसार परिसरात शाळा नसेल तर ती तीन वर्षांत उभारणं हे सरकारचं आणि महापालिकेचं कर्तव्य होतं. अंतर ठरलेलं आहे : पहिली ते पाचवीसाठी चालत एक किलोमीटर, सहावी ते आठवीसाठी तीन. यातला ‘चालत’ हा शब्द याचिकेत ठळक यायला हवा. घाटकोपर-मानखुर्द लिंक रोडवर सकाळी उभे राहा. एका हातात पोराचं मनगट, दुसरा हात डंपरसमोर उंच धरलेला, अशी आई दिसेल. नकाशावर पट्टी ठेवली तर शाळा बोटभर अंतरावर! केंद्राच्या नमुना नियमांत तर असंही म्हटलंय की वाटेत लहान मुलांना धोका असेल, तर ही मर्यादा कमी करून शाळा जवळ आणावी.

याच एक किलोमीटरचा उलटा वापरही झाला. जवळ सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी शाळांना गरीब आणि वंचित मुलांसाठीच्या २५ टक्के राखीव प्रवेशांतून सूट, असा नियम राज्य सरकारनं फेब्रुवारी २०२४ मध्ये आणला. मुंबई उच्च न्यायालयानं तो त्याच वर्षी जुलैमध्ये रद्द केला. गरिबांच्या मुलांसाठी हा निकाल फार मोलाचा आहे.

तरीही माझा आग्रह असा, की कोर्टाची पायरी चढण्याआधीचं काम चुकवू नका. शहरातली कुठली जमीन कशासाठी हे विकास आराखडा ठरवतो. त्यातलं शाळेचं आरक्षण बदलायचं तर महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना कायद्याच्या कलम ३७ प्रमाणे सूचना प्रसिद्ध करून हरकती मागवाव्या लागतात. तुमची हरकत फाइलमध्ये असेल, तरच ‘आमचं ऐकलं नाही’ हे कोर्टात दाखवता येतं. २०१५ चा मुंबईचा आराखडा हजारो हरकतींनंतर मागे घ्यावा लागला होता, हे विसरू नका.

आणि एक तारीख जवळ येतेय. सध्याचा आराखडा २०१८ पासून अमलात आहे. त्याच नगररचना कायद्याच्या कलम १२७ प्रमाणे दहा वर्षांत जागा ताब्यात घेतली नाही, तर जमीनमालक नोटीस देऊ शकतो. मग २४ महिन्यांत महापालिकेनं संपादनाचं ठोस पाऊल उचललं नाही, की आरक्षण संपलं. नुसता पत्रव्यवहार पुरत नाही, हे गिरनार ट्रेडर्स खटल्यात २००७ मध्येच ठरलंय. तेव्हा आताच वॉर्ड ऑफिसात जा, आपल्या भागातली शाळेची आरक्षणं कुठली आणि त्यांतली ताब्यात किती, हे लेखी मागा, आणि अर्जाची पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.