फ्रीजमधली किल्ली

नमस्कार श्रोतेहो.

मला नेहमी विचारतात, तुम्ही नेमक्या कोण? लेखिका, संकलक की दिग्दर्शक? पोटासाठी मी मालिकांचं संकलन करते. त्यातून पैसे साठले की लघुपट काढते. तिथे लिहिण्यापासून सामानाचा टेम्पो ठरवण्यापर्यंत सगळं माझ्याकडे. मुंबईत हे पहिल्यापासून असंच आहे. 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी कोऱ्या फिल्मला भोकं पाडायचं काम सरस्वतीबाई फाळके करत, आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही त्याच रांधत. 1913 साली तो चित्रपट गिरगावात कॉरोनेशनमध्ये लागला. सरस्वतीबाईंचं नाव शाळेच्या पुस्तकात ठळक अक्षरांत यायला हवं, असं मला फार वाटतं.

त्याच गिरगावात, एका चाळीत माझं शूटिंग होतं. एक खोली, दोन पात्रं. साउंड रेकॉर्डिस्टला ऐनवेळी ताप आला, म्हणून हेडफोन मी चढवले. कानात नुसती फ्रीजची घरघर! घरच्या आजींना विचारून फ्रीज बंद केला. वेळही आजींनीच काढून दिली. "सकाळी पाणी येतं, तेव्हा बादल्यांचा गोंगाट. चारला पोरं शाळेतून येतात. दोन ते साडेतीन, तेवढ्यात उरक."

तेवढ्यात उरकलं. शेवटी सगळ्यांना जागच्या जागी उभं करून नुसत्या खोलीचा आवाज घेतला, 30 सेकंद. मग पॅकअप. सामान खाली गेलं, आम्ही गेलो, आणि फ्रीज बंदच राहिला. उद्या पाडवा, आणि आत दीड किलो चक्का.

दुसऱ्या दिवशी राहिलेली केबल आणायला गेले, तेव्हा दारात गुढी उभी होती आणि मला सगळं आठवलं. मला रडूच आलं. आजींनी पाट दिला, वाटी पुढे केली. "आंबट झालाय, साखर जास्त घातलीय. खा. आणि हे बघ, यापुढे कुणाचा फ्रीज बंद केलास की तुझ्या घराची किल्ली त्यात ठेव. किल्लीशिवाय जाशील कुठे?"

पुढे कळलं, कितीतरी साउंड रेकॉर्डिस्ट हेच करतात. आजींना ते कुणी शिकवलं नव्हतं.

आता ते 30 सेकंद कशाला, तर प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. पुन्हा सांगते, प्रत्येक खोलीची शांतता वेगळी. संकलनात एखादं वाक्य कापलं की आवाजात खड्डा पडतो, आणि तो त्याच खोलीच्या शांततेनं भरावा लागतो. दुसरीकडची चालत नाही, कानाला लगेच कळतं. मी संकलक नसते, तर त्या दिवशी घाईत ते 30 सेकंद घेतलेच नसते. मालिकांत नजरेला नजर भिडली की ढोल वाजवतात, ते मला मुळीच पटत नाही. दोन माणसं गप्प बसली असतील, तर त्यांना गप्प बसू द्यावं.

त्या लघुपटाच्या शेवटी कुणी बोलत नाही. आजींची खोली तेवढी ऐकू येते, आणि अगदी बारीक, त्यांच्या बांगड्यांचा एक आवाज. त्या दाराशी उभ्या होत्या. तो आवाज मी काढला नाही.

नमस्कार.