मालरचा हातोडा कॅमेऱ्यात पकडताना

(दृश्य: वाद्यवृंदाच्या सगळ्यात मागच्या पायरीवर लाकडी पेटी. शेजारी लांब दांड्याचा लाकडी हातोडा.)

सुताराचं सामान वाटेल, पण हे वाद्य आहे. संगीतकार गुस्टाफ मालरच्या सहाव्या सिंफनीतलं, म्हणजे वाद्यवृंदासाठीच्या मोठ्या रचनेतलं. सुमारे ८० मिनिटांच्या रचनेत त्याला काम फक्त दोनदा, तेही शेवटच्या भागात: ३३६व्या आणि ४७९व्या बारला (बार म्हणजे लिहिलेल्या संगीतातला तालाचा एक खंड). १९०६ साली छापलेल्या स्कोरमध्ये, म्हणजे सगळ्या वाद्यांच्या एकत्र स्वरलिपीत, घाव तीन होते. ७८३व्या बारचा मालरनं नंतर काढला.

त्याची सूचना अशी: आवाज आखूड, जोरकस, पण बद्द. धातूचा नको, कुऱ्हाडीच्या घावासारखा. पेटीची फळी पातळ असली की ती ढोलासारखी घुमत राहते. पेटी भरीव असली, तर नुसतं 'टक'. म्हणून फळी जाड आणि आत पोकळी.

(दृश्य: मैफलीच्या चित्रीकरणाची कंट्रोल रूम. स्कोरवर पेन्सिलनं लिहिलेले शॉट नंबर.)

दिग्दर्शकाशेजारी एकजण मोठ्यानं बार मोजत असतो. घावाबरोबर कट मारला, म्हणजे हातोड्याच्या कॅमेऱ्यावर गेलं, तर दिसतो तो पेटीवर टेकलेला हातोडा. कट तो वर जातानाच हवा. त्याआधीही नको, तालवादक उठून पेटीकडे चालत निघालेला दिसला, की घावातली हवाच गेली.

आवाजाचं दुखणं वेगळं. समजा, पेटी मुख्य माइकपासून १५ मीटर मागे आहे. एवढं अंतर कापायला आवाजाला सुमारे ४४ मिलिसेकंद लागतात. पेटीजवळचा माइक तसाच मिसळला, तर एका घावाचे दोन ऐकू येतात: 'ट-टक'. त्या माइकला तेवढाच विलंब द्यायचा. चित्राच्या मागे आवाज एखादी फ्रेम राहतो, पण ते खपतं. आवाज आधी आणि हातोडा नंतर, हे मात्र लगेच खटकतं.

तालमीत हातोडा बहुतेक जपूनच मारतात. रेकॉर्डिंगची पातळी त्यावर बेतली, की मैफलीत आवाज फाटलाच. १०-१२ डेसिबल मोकळे ठेवलेले बरे. आणि हो, मोबाइलच्या स्पीकरवर तपासू नका. खालचा सूर त्यातून निघतच नाही.

(दृश्य: तालवादकाचा क्लोजअप.)

काही कंडक्टर काढलेला तिसरा घावही घेतात. हे आधी विचारून स्कोरवर लिहून घ्यायचं. नाहीतर ७८३व्या बारला पडदाभर दिसतो तो हाताची घडी घालून उभा असलेला तालवादक.