रोमचे शत्रू बोलतात कुठल्या भाषेत?

नमस्कार, श्रोतेहो.

युद्धपट खरं तर बघायचे. पण आपली भेट रेडिओवर आहे, तेव्हा आज आपण ते ऐकू या. विषय आहे प्राचीन रोम आणि त्याच्या उत्तरेकडच्या टोळ्या, म्हणजे ऱ्हाइन आणि डॅन्यूब नद्यांपलीकडचे जर्मन, आजच्या स्कॉटलंडमधले पिक्ट, आजच्या रोमानियातले डेशियन. मूकपटांच्या काळापासून यांच्या लढायांवर चित्रपट निघतायत. बर्फ, चिखल, धुकं, आगीचे बाण, लोकरी कातडी पांघरलेले दाढीवाले, हे सगळं यातून त्यात गेलं तरी कुणाला कळणार नाही. चित्रपट एकमेकांपासून वेगळे पडतात ते आवाजात. कोण बोलतं, कुठल्या भाषेत बोलतं आणि कुणाला नुसतंच ओरडायला ठेवलंय, एवढ्याकडे कान द्या.

रिडली स्कॉट यांचा 2000 सालचा 'ग्लॅडिएटर' तुमच्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल, निदान टीव्हीवर जाहिरातींच्या मधेमधे. त्याची सुरुवात आठवा. इसवी सन 180, जर्मेनिया. रोमन फौज रांगा धरून उभी आहे. बोलणी करायला गेलेल्या दूताचा घोडा परत येतो, तर वरच्या स्वाराला मुंडकं नाही. मग रानातून एक म्होरक्या पुढे येतो, ते मुंडकं हातात धरून शिवी हासडतो. 'शापित कुत्र्यांनो' अशा अर्थाची शिवी, आणि तीही आजच्या जर्मन भाषेत! एवढी एक शिवी म्हणजे त्या अख्ख्या समाजाचा संवाद. बाकी सगळे ठेक्यात गर्जना करतात.

ती गर्जना मात्र जर्मन नाहीच. ती आहे झुलूंची. 1879 साली दक्षिण आफ्रिकेत इंग्रज आणि झुलू यांच्यात रोर्क्स ड्रिफ्टला लढाई झाली, तिच्यावर 1964 मध्ये 'झुलू' नावाचा चित्रपट आला होता. त्याच्या ध्वनिपट्टीवरचा रणघोष उचलून इथे जर्मनांच्या तोंडी घातलाय. उद्या कुणी मराठ्यांवर चित्रपट काढला आणि 'हर हर महादेव'च्या जागी दुसऱ्याच खंडातल्या लोकांची आरोळी लावली, तर आपण थिएटर डोक्यावर घेऊ. इथे कुणाला पत्ताही लागला नाही. रानटी म्हटले की एकाचा आवाज दुसऱ्याला चालतो, असा हिशेब.

चित्रीकरणही जर्मनीतलं नाही, इंग्लंडमधल्या सरे परगण्यातल्या बोर्न वुडमधलं आहे. तिथली झाडं तशीही काढायचीच होती, म्हणून जाळायला परवानगी मिळाली. मोठमोठी गोफणयंत्रं रोमन फौज मुख्यतः वेढ्यासाठी वापरायची. रानातल्या उघड्या लढाईत त्यांची अशी आतषबाजी म्हणजे पडद्याची चैन. असो. लढाई बघायला झकास आहे, हे मीही नाकारत नाही.

गंमत अशी, की जर्मन लढताना कसा आवाज काढत, हे लिहून ठेवलेलं आहे. टॅसिटस या रोमन इतिहासकारानं इसवी सन 98 च्या सुमारास जर्मेनियावर एक छोटं पुस्तक लिहिलं. त्यात तो सांगतो, की हे लोक ढाल तोंडाशी धरून घुमवतात. आवाज ढालीवर आपटून परततो आणि जाड, भारी होतो. त्या घुमण्याला 'बॅरिटस' म्हणत. आवाज कसा उमटला यावरून ते लढाईचा रंगही ताडत. दणदणीत उमटला तर समोरच्यांच्या पोटात गोळा, आणि फिका पडला तर आपल्याच. आता सांगा, एखाद्या ध्वनिमुद्रकाला याहून चांगली सूचना काय मिळणार?

रोमनांविषयी उलटी नोंद सापडते. ब्रिटनमध्ये राणी बूडिकाच्या बंडात शेवटची लढाई झाली, तिचं वर्णन करताना इतिहासकार कॅसियस डायो म्हणतो, की ब्रिटन आरडाओरड करत, गाणी म्हणत चालून आले आणि रोमन मात्र भालाफेकीच्या टप्प्यात येईपर्यंत चिडीचूप, शिस्तीत पुढे सरकले. विचार करा, हजारो माणसं एक शब्द न बोलता अंगावर येताहेत. चित्रपटांत रोमन सेनापती भाषण ठोकल्याशिवाय तलवार उपसत नाही. मोठ्या नटाला मोठं मानधन दिलेलं असतं, तो गप्प कसा बसेल?

'झुलू' आला त्याच वर्षी, 1964 मध्ये, अँथनी मॅन यांचा 'द फॉल ऑफ द रोमन एम्पायर' आला. काळ तोच, सम्राट मार्कस ऑरेलियस आणि त्याचा मुलगा कमोडस यांचा. ॲलेक गिनेस सम्राट, क्रिस्टोफर प्लमर कमोडस, सोफिया लॉरेन सम्राटाची मुलगी ल्यूसिला. माद्रिदजवळ रोमचा अख्खा फोरम, म्हणजे शहराचा मुख्य चौक, उभारला होता. चित्रपट आपटला, निर्माते सॅम्युएल ब्रॉन्स्टन यांचं साम्राज्यही बुडालं, आणि पुढची पस्तीसेक वर्षं हॉलिवुडनं रोमच्या वाटेला फारसं जायचं नाव काढलं नाही. मला मात्र तो 'ग्लॅडिएटर'पेक्षा शहाणा वाटतो. लांबलाय, नायक लाकडी आहे, कबूल. पण त्यात सेनेटात एक खरीखुरी चर्चा होते, की या जर्मनांना मारायचं की आपल्या हद्दीत जमिनी देऊन वसवायचं? हा प्रश्न मार्कस ऑरेलियसपुढे खरोखरच होता. त्यानं काही जर्मनांना थेट इटलीत वसवलंही होतं. राव्हेना इथल्यांनी बंड करून शहर बळकावलं, तेव्हा त्यांना तिथून हलवावं लागलं. 'ग्लॅडिएटर'मध्ये हा प्रश्नच उरत नाही. जर्मन पहिल्या लढाईत मरतात आणि कथा रोमच्या आखाड्यात जाते. खुद्द कमोडसनं बाप गेल्यावर त्याच जर्मनांशी तह केला होता.

आता ब्रिटनकडे वळू. तिथे रोमची नववी लीजन, म्हणजे काही हजार सैनिकांची पलटण, कुठे गडप झाली, याची एक लाडकी दंतकथा आहे. यॉर्कमधल्या शिलालेखात ती इसवी सन 108 च्या सुमारास शेवटची दिसते. स्कॉटलंडच्या धुक्यात ती कापली गेली असं कथाकारांनी धरलं. तिच्या खुणा नंतर नेदरलँड्समधल्या नाइमेखनला मिळाल्यामुळे इतिहासकारांना ते तितकंसं पटत नाही. 2010 आणि 2011 मध्ये यावर पाठोपाठ दोन चित्रपट आले.

पहिला नील मार्शल यांचा 'सेंच्युरियन'. यात रोमनांचा पाठलाग करते पिक्टांच्या बाजूची एटेन नावाची बाई. ओल्गा कुरिलेंको हिनं काम केलंय. लहानपणी रोमनांनीच तिची जीभ कापलेली आहे. उत्तरेची सगळ्यात ठसठशीत व्यक्तिरेखा आणि तिला अख्ख्या चित्रपटात एक शब्द नाही! बाकीचे पिक्ट गेलिक बोलतात. ती भाषा स्कॉटलंडमध्ये आयर्लंडहून नंतर आली. पिक्टांची बोली बहुधा वेल्शच्या जवळची होती. 'पिक्ट' हे नावसुद्धा तिसऱ्या शतकाच्या अखेरीस पहिल्यांदा नोंदलेलं दिसतं, आणि कथा घडते दुसऱ्या शतकाच्या सुरुवातीला.

दुसरा, केविन मॅकडोनल्ड यांचा 'द ईगल', रोझमेरी सटक्लिफ यांच्या 1954 च्या कादंबरीवरून. इथे मात्र भाषा नुसती सजावट राहत नाही, तिच्यावर कथा फिरते. मार्कस हा रोमन अधिकारी आपल्या बापाच्या लीजनचा गमावलेला गरुड, म्हणजे तिचं मानचिन्ह, शोधायला ब्रिटनमधल्या रोमन हद्दीच्या, हेड्रियनच्या भिंतीपलीकडे जातो. सोबत एस्का हा ब्रिटन गुलाम. भिंत ओलांडली की मालकाला एक अक्षर कळत नाही आणि गुलाम लोकांशी गप्पा मारतोय. एका टोळीत तर एस्का सांगतो, की हाच माझा गुलाम आहे. मार्कस खाली मान घालून बसलाय, भोवती हशा पिकतोय, आणि तो कशाबद्दल आहे हे त्याला समजत नाही. बाहेरगावी भाषा न येणाऱ्या माणसाची जी अवस्था होते, तीच. फक्त इथे भाषांतराची चूक झाली तर गळा कापला जाणार. दिग्दर्शकानं रोमनांसाठी अमेरिकन उच्चार घेतले. तेव्हा अमेरिकन फौजा इराक, अफगाणिस्तानात होत्या, तेव्हा रोख कुणाकडे आहे हे सांगायला नको.

रोमानियाचा 'दाची' हा 1967 चा चित्रपट मी केवळ एका विसंगतीसाठी सांगतो. दिग्दर्शक सर्जिउ निकोलाएस्कू, आणि डेशियन राजा डेसेबालस झालेत आम्झा पेल्ल्या. राष्ट्रपुरुष म्हणून हा राजा रोमला ललकारतो, पण कुठल्या भाषेत? रोमानियनमध्ये, म्हणजे लॅटिनच्या लेकीत! डेशियनांची स्वतःची बोली लोपली. जिंकणाऱ्याच्या भाषेतूनच हरलेल्याचा अभिमान मांडावा लागतो, आणि तो मांडणाऱ्यांना त्यात काही वावगं वाटत नाही.

जाता जाता 2007 चा 'द लास्ट लीजन'. त्यात आपली ऐश्वर्या राय केरळची योद्धा होऊन गॉथांशी, म्हणजे एका जर्मन टोळीशी, लढते. सगळे झकपक इंग्रजी बोलतात. पुढे चला.

सगळा डाव उलटवला तो जर्मनांनी, 2020 मध्ये, 'बार्बेरियन्स' या वेबमालिकेत. विषय इसवी सन 9 मधली ट्यूटोबुर्गच्या रानातली लढाई, ज्यात रोमन सेनापती व्हारसच्या तीन लीजन कापल्या गेल्या. इथे टोळीवाले साध्या, आजच्या जर्मनमध्ये घरगुती बोलतात, भांडतात, थट्टा करतात. रोमन बोलतात लॅटिन, इटालियन नटांच्या तोंडून, आणि खाली सबटायटल. प्रेक्षकाला परका कोण हे डोळे मिटूनही कळतं. म्हणून एक विनंती, डब केलेली आवृत्ती लावू नका. सगळे एकाच भाषेत बोलायला लागले की मालिकेतला जीवच जातो; उरते ती बेताची मारामारी.

त्या लढाईचा कर्ता आर्मिनियस हा रोमच्या फौजेत वाढलेला, रोमचं नागरिकत्व मिळालेला. सात वर्षांनी, इसवी सन 16 मध्ये, व्हेझर नदीच्या काठी तो पुन्हा रोमनांसमोर उभा राहिला. पलीकडे रोमच्या बाजूनं लढणारा त्याचा सख्खा भाऊ होता, फ्लावस. टॅसिटस हा प्रसंग सांगतो. आर्मिनियस आधी म्हणतो, तुमचे तिरंदाज मागे घ्या. मग भावाला विचारतो, तोंडाला हे काय झालं? फ्लावसचा एक डोळा रोमसाठी लढताना गेलेला असतो. कुठली लढाई, कुठली जागा, सगळं तो सांगतो. बदल्यात काय मिळालं? वाढीव पगार, गळ्यातलं कडं, मुकुट. आर्मिनियस हसतो: गुलामीचा भाव फार स्वस्त लागला की! मग फ्लावस रोमची ताकद आणि सम्राटाची दया सांगतो, तुझ्या बायकोला, पोराला नीट वागवलंय म्हणतो. आर्मिनियस देश, देव आणि आईचं नाव काढतो. शब्दानं शब्द वाढतो, मधे नदी आहे हे विसरून फ्लावस घोडा मागतो, आणि एक रोमन अधिकारी धावत येऊन त्याला आवरतो. टॅसिटस पुढे लिहितो, की आर्मिनियसच्या ओरडण्यात बरंचसं लॅटिन मिसळलेलं होतं. रोमन छावणीत राहिलेला माणूस तो. देशाच्या, देवांच्या नावानं आरोळ्या देतानाही अधूनमधून शत्रूची भाषा तोंडात येतेय. एवढा तयार प्रसंग हाताशी असताना लोक 'झुलू'ची ध्वनिपट्टी का शोधत बसतात?

आणि त्या ढालीमागच्या घुमण्याचं पुढे काय झालं? चौथ्या शतकातला अमियानस मार्सेलिनस हा इतिहासकार स्वतः फौजेत अधिकारी होता. इसवी सन 357 ची स्ट्रासबर्गची लढाई तो सांगतो. समोर अलेमानी जर्मन, इकडे रोमन. बॅरिटस उठतो, आधी हलक्या गुणगुणीसारखा, मग चढत चढत खडकावर फुटणाऱ्या लाटांसारखा. पण तो उठतो रोमन पलटणींतून. एव्हाना रोमच्या फौजेत जर्मनांची भरती इतकी झाली होती, की टोळ्यांचा रणघोष हाच रोमचा रणघोष झाला होता. वीस वर्षांनी, 377 मध्ये, गॉथांसमोरही रोमनांनी तोच घुमवला.

नमस्कार.