पाकिटावरचं नाव, सर्व्हरचं नाव

नमस्कार. आजचा विषय वाचून दोन प्रकारची मंडळी आलेली दिसतात. पुढच्या रांगांत फोटोग्राफीची आणि जे. जे.ची, मागच्या रांगांत सिस्टिम सांभाळणारी. मी ही दोन्ही कामं एकाच इमारतीत करते. फोर्टातल्या एका छोट्या संग्रहात काचेच्या निगेटिव्हांची सूची करते आणि तिथलाच सर्व्हरही बघते. दोन्हीकडे माझा सगळ्यात जास्त वेळ जातो तो नावांवर.

एक पाकीट सांगते. तपकिरी कागद, एका कडेला कसर लागलेली. वर पेन्सिलीनं लिहिलंय, ‘अ. १४. बसलेली. डा. प्र.’ आत काचेची निगेटिव्ह. एक बाई, पाठमोरी, पाटावर बसलेली. अंगावर वस्त्र नाही. केसांचा अंबाडा, खांद्याच्या हाडावर उजेड आणि पाठीच्या पन्हाळीत सावली. आधीच्या सूचीत या ‘अ’चा अर्थ ‘अनावृत’ असा लावला गेला आणि फाइलला ‘अनावृता १४’ हे नाव मिळालं. ऐकायला सुंदर नाव आहे. मीही दोन वर्षं तेच वापरत होते.

मग एका पावसाळ्यात बुरशी पुसायला कपाट रिकामं केलं आणि पाकिटं प्रथमच ओळीनं मांडली. ‘अ. १५’मध्ये पितळी घागर निघाली. ‘अ. १६’मध्ये नुसता हात, मूठ वळलेला. अ म्हणजे अभ्यास! डा. प्र. म्हणजे डावीकडून प्रकाश. त्या फोटोग्राफरनं बाई, घागर आणि हात एकाच वहीत, एकाच रांगेत मांडले होते, कारण त्याला शिकवायची होती ती उजेडाची वागणूक. आपण एक अक्षर चुकीचं वाचलं आणि त्याच्या तोंडी नसलेला शब्द घातला.

अमेरिकन फोटोग्राफर एडवर्ड वेस्टनचं उदाहरण बघा. त्यानं १९३६मध्ये सांता मोनिकाला कॅरिस विल्सनचं जे प्रसिद्ध छायाचित्र काढलं, त्याची ओळख ‘२२७ एन’ अशी आहे. एन म्हणजे न्यूड, आकडा निगेटिव्हचा. त्याचीच १९३०मधली ढोबळी मिरची ‘३० पी’ आहे. पी म्हणजे पेपर, म्हणजे मिरची. अशी नावं कोरडी वाटतात, पण ती काढणाऱ्याच्या हातची असतात, म्हणून मला ती मोलाची वाटतात.

एकोणिसाव्या शतकातल्या पॅरिसात अशा छायाचित्रांना ‘अकादमी’ म्हणत. चित्रशाळेत नग्न देहावरून केलेल्या रेखाटनालाही हाच शब्द होता. यूजीन दुरियूनं १८५४च्या सुमारास काढलेल्या अशा छायाचित्रांवरून चित्रकार देलाक्र्वा रेखाटनं करत असे. पण तेच लेबल लावून काही विक्रेते निराळाच माल सरकारी परवानगीतून पार करत. म्हणजे एकच शब्द कुठे वर्णन आहे, कुठे परवाना. पाकिटावरचं नाव वाचताना ते कोणी लिहिलं आणि कोणाला दाखवण्यासाठी लिहिलं, हे दोन प्रश्न मी आधी विचारते.

अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्सच्या ई. जे. बेलॉक या फोटोग्राफरनं १९१२च्या सुमारास स्टोरीव्हिल या वेश्यावस्तीतल्या बायकांची छायाचित्रं काढली. मागे ८९ काचा उरल्या. पुढे ली फ्रीडलँडर या फोटोग्राफरनं त्यांच्या प्रती काढल्या आणि १९७०मध्ये त्या न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात लागल्या. आज आपण त्यांना ‘स्टोरीव्हिल पोर्ट्रेट’ म्हणतो, पण ते नाव मागून आलेलं आहे. त्या बायकांची स्वतःची नावं बहुतेक हरवलीच.

आमच्याकडे ती हरवलेली नाहीत, आणि हा माझ्यासाठी सगळ्यात नाजूक भाग आहे. पाकिटावर नाव नसतं, पण हिशेबाच्या फाइलीत व्हाउचर आहेत. तारीख, रक्कम, मॉडेलबाईंचं नाव, खाली अंगठा. तारखा जुळवल्या की कुठली पाठ कोणाची हे कळतं. स्टुडिओत पूर्वी मदतनीस असलेल्या एका काकांना मी विचारलं. ते म्हणाले, “ताई, आम्ही सगळे त्यांना मावशीच म्हणायचो. त्यांनी घरी कुणाला सांगितलं नव्हतं. ते नाव तिथं लिहू नका.” मी लिहिलं नाही. सूचीत त्यासाठी एक बंद रकाना आहे. कायद्याचा प्रश्न वेगळा. नुसत्या नग्नतेमुळे छायाचित्र अश्लील ठरत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २०१४मध्ये अवीक सरकार खटल्यात स्पष्ट केलंय. पण मावशींनी घरी सांगितलं नव्हतं, ही गोष्ट कुठल्या निकालात बसत नाही.

आता मागच्या रांगांकडे येते. स्कॅनिंगच्या खोलीतली मशीनं नेटवर्कवर सर्टिफिकेटनं, म्हणजे डिजिटल ओळखपत्रानं, ओळखली जातात. ती सर्टिफिकेटं आमच्याच सर्टिफिकेट अथॉरिटीकडून, म्हणजे ती देणाऱ्या सर्व्हरकडून, आपोआप नवी होतात. एका सोमवारी ती होईनात. संदेश एकच, ‘आरपीसी सर्व्हर अनअव्हेलेबल’, म्हणजे पलीकडचा सर्व्हर भेटत नाही. हा संदेश आला की सगळे फायरवॉलकडे, म्हणजे नेटवर्कची दारं राखणाऱ्या यंत्रणेकडे, धावतात, आम्हीही धावलो. त्यातली दारं म्हणजे पोर्टं तपासली; पोर्ट १३५ उघडं, वरची डायनॅमिक पोर्टंही उघडी. सर्व्हरवर सेवा चालू. ‘सर्टयूटिल’ या आदेशानं नव्या सर्व्हरला पिंग केलं, म्हणजे हाक मारली, तर लगेच उत्तर.

अडचण नावात होती. काही दिवसांपूर्वी अथॉरिटी जुन्या मशीनवरून नव्या मशीनवर हलवली होती. अथॉरिटीचं नाव तेच ठेवलं होतं आणि ते बरोबरच होतं, कारण ते प्रत्येक सर्टिफिकेटमध्ये छापलेलं असतं. मशीनचं नाव मात्र बदललं. आता क्लायंट, म्हणजे सर्टिफिकेट मागणारं मशीन, अथॉरिटीचा पत्ता शोधतो तो नेटवर्कच्या सामाईक नोंदवहीतल्या, म्हणजे अॅक्टिव्ह डिरेक्टरीतल्या ‘एनरोलमेंट सर्व्हिसेस’च्या नोंदीतून, आणि त्या नोंदीत होस्टचं, म्हणजे मशीनचं, जुनंच नाव राहिलं होतं. आम्ही नव्या दारावर टकटक करून ‘उघडतंय’ म्हणत होतो आणि मशीनं पाडलेल्या घराच्या दारात उभी होती. ती एक नोंद बदलली, डिरेक्टरीत ती सगळीकडे पोचेपर्यंत थांबलो, सर्टिफिकेटं पुन्हा मागायला लावणारा ‘सर्टयूटिल -पल्स’ आदेश दिला, आणि सर्टिफिकेटं यायला लागली.

म्हणून माझं सांगणं आहे की पोर्टांच्या आधी क्लायंट कुठलं नाव विचारतोय ते बघा. टेम्प्लेटचं, म्हणजे सर्टिफिकेटच्या साच्याचंही तसंच. त्याला दोन नावं असतात, एक पडद्यावर दिसणारं आणि एक आतलं, शब्दांमध्ये जागा न सोडलेलं. सर्टिफिकेट मागणाऱ्या ‘सर्टरेक’ आदेशाच्या विनंतीत दिसणारं नाव घातलं तर अथॉरिटी ‘हे टेम्प्लेट मला माहीत नाही’ म्हणते, आणि माणूस तासभर परवानग्या तपासत बसतो. वेब सर्व्हरच्या सर्टिफिकेटमध्ये होस्टचं नाव ‘सब्जेक्ट ऑल्टरनेटिव्ह नेम’ या रकान्यातच हवं; क्रोम ब्राउझरनं २०१७पासून नुसत्या ‘कॉमन नेम’ या रकान्यावर भरवसा ठेवणं बंद केलंय. घड्याळ मागेपुढे असेल तर ते वेगळं दुखणं. नेटवर्कवर ओळख पटवणाऱ्या कर्बरॉस पद्धतीला साधारणपणे पाच मिनिटांपुढचा फरक चालत नाही.

जुन्या मशीनचं नाव मात्र आम्ही काढून टाकलं नाही. आधी दिलेल्या सर्टिफिकेटांमध्ये रद्द केलेल्या सर्टिफिकेटांच्या यादीचा, म्हणजे सीआरएलचा, पत्ता त्याच नावाचा आहे. ते नाव डीएनएसमधून, म्हणजे नावावरून मशीनचा पत्ता सांगणाऱ्या यादीतून, पुसलं तर चांगली सर्टिफिकेटंही ‘तपासता येत नाही’ म्हणून नाकारली जातील. त्यामुळे जुन्या नावाचा एलियास, म्हणजे पर्यायी नाव, नव्या मशीनकडे वळवला आहे आणि यादी जुन्या पत्त्यांवरही प्रसिद्ध होत राहते. शेवटचं जुनं सर्टिफिकेट संपेपर्यंत तो एलियास राहील. तारीख माझ्या टेबलासमोरच्या कॅलेंडरवर लाल पेननं लिहिली आहे.

सर्व्हरचं हे काम करत असतानाच मी पाकिटांच्या सूचीला पुन्हा हात घातला. पहिल्या रकान्यात आता ‘अ. १४. बसलेली. डा. प्र.’ आहे, पेन्सिलीत होतं तसंच, टिंबांसकट. दुसऱ्या रकान्यात ‘अनावृता १४’, आणि पुढे ‘पूर्वीच्या सूचीतलं नाव’ अशी नोंद, कारण दोन विद्यार्थ्यांच्या प्रबंधांत दाखला त्याच नावानं दिलेला आहे. कुणी कुठलंही नाव टाकून शोधलं तरी तीच काच पुढे येते. तिसरा रकाना मावशींचा. तो शोधात येत नाही. उद्या त्यांच्या घरचं कुणी आलं आणि स्वतःहून विचारलं, तर मी तो त्यांच्यासमोर उघडेन.