पोपट मेलाय, पण तक्रार कुठल्या खिडकीवर करायची?

नगरचं कोणी आहे का इथे? हां, मागे दोघंतिघं दिसतायत. तर तुम्हाला आधी सांगतो, कारण बाकीच्यांना खरं वाटणार नाही. ब्रिटिशांच्या त्या जगप्रसिद्ध बिनडोक विनोदाचा जो मूळपुरुष मानतात तो तुमच्या गावचा. स्पाइक मिलिगन. १६ एप्रिल १९१८, जन्म अहमदनगर, म्हणजे आताचं अहिल्यानगर. वडील आयरिश, नोकरी ब्रिटिशांच्या हिंदी फौजेत, त्यामुळे पोराचं लहानपण पुण्यात गेलं, मग रंगूनला, आणि मग तिशीच्या दशकात सगळं बिऱ्हाड इंग्लंडला. दुसऱ्या महायुद्धात हा ब्रिटिश तोफखान्यात, आधी उत्तर आफ्रिका मग इटली, तिथे जखमी झाला, मनानंही पार खचला, आणि हे सगळं त्या राजासाठी भोगून झाल्यावर साठच्या दशकात पासपोर्टचा प्रश्न आला तर सरकार म्हणतं तुम्ही आपोआप ब्रिटिश नाही, आधी राजनिष्ठेची शपथ घ्या. यानं नकार दिला आणि १९६२ मध्ये आयर्लंडचं नागरिकत्व घेऊन मोकळा झाला.

आता यात बघा, वेडं कोण आहे? कोणीच नाही. क्लार्क नियमानं चाललाय, कायदा रीतसर पास झालेला आहे, फॉर्म बरोबर छापलाय, आणि सगळं मिळून जे तयार होतं ते ठार वेडं. माझं आजचं म्हणणं एवढंच आहे. लोक मला म्हणतात की अहो ते माँटी पायथन, म्हणजे टीव्हीवरचा तो ब्रिटिश विनोदी कंपू, वगैरे म्हणजे उगाच काहीही, डोकं बाजूला ठेवून बघायचं. मला वाटतं उलट आहे. त्यात 'काहीही' फक्त एकदाच असतं, पहिल्या मिनिटाला. त्यानंतर सगळं इतकं शिस्तीत, इतकं तर्काला धरून चालतं की एखाद्या वकिलानं लिहावं. आणि त्यांच्यातला जॉन क्लीझ खरोखरच केंब्रिजला कायदा शिकलेला, ग्रॅहॅम चॅपमन तर डॉक्टरकी शिकलेला, हे उगाच नाहीये.

मिलिगनची युद्धातली एक गोष्ट आहे, तो आणि पुढे त्याचा जोडीदार झालेला हॅरी सीकम दोघंही सांगायचे, तिखटमीठ लावलं असेल तर त्यांनीच. उत्तर आफ्रिकेत मिलिगनच्या तुकडीची एक मोठी तोफ कड्यावरून घरंगळत खाली गेली आणि खाली सीकम ज्या छोट्या वायरलेस ट्रकमध्ये होता त्याच्या जवळच येऊन पडली. थोड्या वेळानं मिलिगन ट्रकमध्ये डोकं घालून विचारतो, कोणी तोफ पाहिली का हो? आणि आतून उत्तर येतं, कुठल्या रंगाची?

मी तर म्हणेन पुढची तीस वर्षं या लोकांनी जे केलं ते सगळं या 'कुठल्या रंगाची'मध्ये आहे. घाबरणं नाही, ओरडणं नाही, हरवलेल्या छत्रीची चौकशी करावी तसं.

हेच दोघं, शिवाय पीटर सेलर्स आणि सुरुवातीला मायकेल बेंटीन, यांनी १९५१ पासून बीबीसी रेडिओवर 'द गून शो' केला, १९६० पर्यंत चालला. लिहायचा मुख्यतः मिलिगन, आणि त्यात त्याची तब्येत पार बिघडली, मधे हॉस्पिटलात राहावं लागलं, ते वेगळंच प्रकरण आहे. रेडिओ असल्यामुळे सेटचा खर्च नाही, हवं ते दाखवा. पण मला सगळ्यात आवडतो तो एक साधा संवाद. एकल्स नावाचं एक मंद पात्र आहे, आवाज मिलिगनचाच, त्याला ब्लूबॉटल विचारतो, म्हणजे सेलर्स, की किती वाजले? एकल्स म्हणतो, थांब, माझ्याकडे कागदावर लिहून ठेवलंय, आठ. सकाळी एका भल्या माणसाला वेळ विचारली होती, त्यानं लिहून दिली. मग कोणी वेळ विचारली की मी हा कागद दाखवतो. ब्लूबॉटल विचारतो, आणि विचारलं तेव्हा आठ वाजले नसतील तर? तर मग नाही दाखवत. अरे पण आठ वाजलेत हे तुला कळतं कसं? का, लिहिलंय ना कागदावर!

हसताय, पण सातबाऱ्यावर मयत दाखवलेला माणूस तलाठ्यासमोर उभा राहतो तेव्हा नेमका हाच संवाद होतो. कागदावर लिहिलंय ना.

मग पीटर कुक. हाही इंग्लिश विनोदवाला. तरुणपणीच त्यानं एक स्केच, म्हणजे छोटं प्रहसन, लिहिलं, पुढे जोडीदार डडली मूरबरोबर खूप गाजलं. टारझनच्या रोलसाठी ऑडिशन आहे आणि एक पाय असलेला माणूस उड्या मारत मारत आत येतो. आता दुसरा कोणी असता तर निर्माता ओरडला असता, हाकलून दिलं असतं, विनोद तिथेच संपला असता. कुकचा निर्माता काय करतो? अत्यंत सभ्यपणे बोलतो. आधी उजव्या पायाची तारीफ करतो, फार देखणा पाय, भूमिकेला अगदी साजेसा. डाव्या खात्यात मात्र आपण एकानं कमी पडताय. आणि तरी निराश होऊ नका, अजिबात पाय नसलेल्या उमेदवारापेक्षा आपण पुढे आहात, आणि दोन पायांचा कोणी आलाच नाही तर आपला विचार होईल. मुलाखत देऊन आलेल्या प्रत्येकानं ही भाषा ऐकली आहे, "प्रोफाइल उत्तम आहे, कळवतो."

आता हे सगळं इंग्लंडमध्येच का पिकलं, तर माझ्या मते युद्धानंतरचा तो काळ बघा. रेशनिंग १९५४ पर्यंत, म्हणजे युद्ध जिंकून नऊ वर्षं झाली तरी मटण कुपनावर. सक्तीची लष्करी नोकरी १९६० पर्यंत. प्रत्येक गोष्टीला रांग, खिडकी, फॉर्म, वर एक साहेब, आणि तो साहेब कायम नम्र. नकार देताना सुद्धा 'आय ॲम अफ्रेड' म्हणणार. त्या नम्रपणावर चिडता येत नाही हीच तर खरी गोची.

मग ५ ऑक्टोबर १९६९, रविवार, रात्री उशिरा, बीबीसी वन. 'माँटी पायथन्स फ्लाइंग सर्कस'. सहा जण: क्लीझ, चॅपमन आणि एरिक आयडल केंब्रिजचे, मायकेल पेलिन आणि टेरी जोन्स ऑक्सफर्डचे, आणि टेरी गिलियम, हा अमेरिकन, ॲनिमेशनची चित्रं करणारा. १९७४ पर्यंत एकूण ४५ एपिसोड, शेवटच्या सीझनला क्लीझ नव्हता.

पोपटाचं स्केच सगळ्यांना माहीत आहे असं मी धरून चालत होतो पण आजकाल कॉलेजच्या पोरांना पायथन म्हटलं की कोडिंगच आठवतं (ती भाषा यांच्याच नावावरून आहे बरं का), म्हणून सांगतो. क्लीझ पिंजरा घेऊन दुकानात येतो, अर्ध्या तासापूर्वी घेतलेला पोपट मेलाय. दुकानदार पेलिन म्हणतो मेला नाही, आराम करतोय. मग बेशुद्ध आहे, मग त्याला नॉर्वेची आठवण येतेय, पिसारा काय सुंदर आहे बघा. क्लीझ पोपट काउंटरवर आपटतो, दुकानदार तरी शांत.

आपल्याकडे बिरबलाची गोष्ट आहे ना, बादशहाचा लाडका पोपट मेला आणि जो मेला म्हणेल त्याचं डोकं उडणार, म्हणून बिरबल सांगतो खाविंद, पोपट डोळे उघडत नाही, चोच हलवत नाही, दाणा खात नाही. तिथे सत्ता राजाकडे आहे आणि बोलणारा शब्द चुकवतोय. इथे ती सत्ता काउंटरच्या मागे गेली आहे. ग्राहक मेल्याचे दहा-बारा प्रकार ओरडून सांगतो, शब्द चुकवणारा दुकानदार आहे, आणि ग्राहकाचाच पोपट होतो. हे मूळ कुठून आलं तर पेलिनच्या गाडीच्या गॅरेजवाल्यावरून. काहीही बिघडलं की त्याचं उत्तर तयार, गाडीला काही झालेलंच नाही. त्यावर १९६८ मध्ये त्यांनी गाडीचंच स्केच केलं होतं, पुढे ते पुन्हा लिहायला घेतलं तेव्हा चॅपमननं पोपट सुचवला. गंमत म्हणजे 'फिलोगेलोस' म्हणून एक ग्रीक विनोदसंग्रह आहे, साधारण दीड हजार वर्षांपूर्वीचा, त्यात एक जण तक्रार करतो की तू विकलेला गुलाम मेला, आणि विकणारा म्हणतो, देवाशपथ, माझ्याकडे होता तेव्हा असलं काही करत नव्हता! सेल्समन ही जात फार जुनी आहे.

'मिनिस्ट्री ऑफ सिली वॉक्स', १९७० चं, त्यात लोक क्लीझचे लांब पाय बघतात, म्हणजे सहा फूट पाच इंच उंचीचा माणूस बोलर हॅट घालून तसा चालला की हसू येणारच, पण स्केच लिहिलं पेलिन आणि जोन्सनी आणि त्याचा जीव त्या ऑफिसमधल्या बोलण्यात आहे. अर्जदार स्वतःच्या विचित्र चालीसाठी सरकारी अनुदान मागायला आलाय. मंत्री चाल बघून म्हणतो, फारशी विचित्र नाही हो, उजवा पाय तर सरळच आहे. आणि मग रडगाणं, की पूर्वी संरक्षण, आरोग्य, घरं, शिक्षण आणि विचित्र चाल सगळ्यांना सारखा पैसा मिळायचा, हल्ली आमच्यावर अन्याय होतो. चालीचं राहू दे, मला तर तो बजेटचा सूर ऐकूनच हसू येतं.

दुसरी गोष्ट यांनी केली ती म्हणजे शेवटची टाळीची ओळ काढून टाकली. खरं तर हे आधी मिलिगननं केलं, १९६९ च्या मार्चमध्ये बीबीसी टूवर त्याची 'क्यू फाइव्ह' मालिका आली, स्केच सुरू होतं आणि कंटाळा आला की पात्रं निघून जातात. पायथनवाल्यांनी ते बघितलं आणि कपाळाला हात लावला की आपल्याला जे करायचं होतं ते यानं केलंच. दिग्दर्शकही त्याचाच घेतला, इयन मॅकनॉटन. पण यांच्याकडे गिलियम होता. स्केच मरगळलं की वरून प्रचंड पाय येतो आणि सगळं चिरडतो, पुढचं सुरू. तो पाय ब्राँझिनोच्या चित्रातल्या मदनाचा आहे, मूळ चित्र लंडनच्या नॅशनल गॅलरीत. सोळाव्या शतकातला पाय, फुकटात.

सगळंच ग्रेट आहे असं नाही हं. सलग चार एपिसोड बघा, तिसऱ्याला जांभया येतील. साडी नेसून मावशी झालेले पुरुष जसे आपल्या टीव्हीवर अती झालेत तसं त्यांचं ते किनऱ्या आवाजातल्या बायकांचं प्रकरण मला लवकर शिळं वाटतं, आणि कॅरल क्लीव्हलँडसारखी चांगली नटी असून तिला बहुतेक वेळा फक्त सुंदर दिसायचं काम दिलं.

आणि सगळं ब्रिटिश स्केच म्हणजे पायथन असंही नाही. 'द टू रॉनीज' १९७१ ते १९८७, त्यातलं ते हार्डवेअर दुकानातलं 'फोर कँडल्स', चार मेणबत्त्या की 'फोर्क हँडल्स', म्हणजे बागकामाच्या काट्याचे दांडे, तो सगळा उच्चारांचा खेळ, घड्याळासारखा बसवलेला. लिहिलं त्या दोन रॉनींपैकी एकानं, रॉनी बार्कर यानं स्वतः. हा माणूस बरीच स्केचेस टोपणनावानं आपल्याच कार्यक्रमाला पाठवायचा, म्हणजे मोठ्या नटाचं आहे म्हणून कोणी उगाच गोड मानून घेऊ नये. मला हा प्रकार त्या स्केचेसइतकाच आवडतो.

आपल्याला जवळचं म्हणाल तर 'गुडनेस ग्रेशस मी', ब्रिटनमधल्या भारतीय वंशाच्या कलाकारांचं, १९९८ पासून टीव्हीवर. त्यातली नीना वाडिया मुंबईत जन्मलेली. तिथले गोरे शुक्रवारी रात्री पिऊन इंडियन हॉटेलात जातात आणि सगळ्यात तिखट काय आहे ते आण म्हणतात ना, ते यांनी उलटं केलं. मुंबईतलं टोळकं पिऊन इंग्लिश खायला जातं, गोऱ्या वेटरच्या नावाची वाट लावतं आणि म्हणतं, सगळ्यात मिळमिळीत काय आहे ते आण! परत तेच, एकच गोष्ट उलटी करायची, बाकी सगळं जसंच्या तसं.

राजकारण्यांनी या नादी लागू नये. ऑक्टोबर १९९० मध्ये तेव्हाच्या पंतप्रधान मार्गारेट थॅचर यांनी पक्षाच्या अधिवेशनात लिबरल डेमोक्रॅट्सच्या पक्षी असलेल्या नव्या चिन्हावर पोपटाचे संवाद म्हणून दाखवले, हा पोपट मेलाय वगैरे. बाईंना त्यात हसण्यासारखं काय ते कळलं नव्हतं, आणि हा माँटी पायथन आपल्या बाजूचा आहे ना, असं त्यांनी विचारलं अशी गोष्ट सांगतात. सभा हसली. आठवड्याच्या आत ईस्टबोर्नची पोटनिवडणूक झाली, थॅचरबाईंच्या पक्षाची हक्काची जागा, आणि ती त्या मेलेल्या पोपटानं जिंकली. नोव्हेंबरात बाईंनीच राजीनामा जाहीर केला.

तर आता प्रोजेक्टर लावतोय, 'आर्ग्युमेंट क्लिनिक', १९७२. एक माणूस पैसे भरून पाच मिनिटांचं भांडण विकत घेतो. आधी चुकीच्या खोलीत शिरतो, तिथे शिव्या खातो, मग तो शिव्या देणारा अगदी मऊ आवाजात म्हणतो, अहो इथे शिव्या मिळतात, वाद शेजारी. शेवटाकडे लक्ष द्या. वेळ संपते, समोरचा म्हणतो पैसे भरल्याशिवाय मी वाद घालणार नाही. हा म्हणतो भरलेत. तो म्हणतो नाही भरले. हा म्हणतो, सापडलास! पैसे भरले नसते तर आत्ता वाद कशाला घालतोयस? तो म्हणतो, असं काही नाही, मी माझ्या फावल्या वेळात घालत असेन.