कोट सांभाळणारी मुलगी

(दृश्य: लीड्स शहर, रात्र. ओल्या फरशीवर दिव्यांचा उजेड. दुरून सॅक्सोफोन.)

लीड्स. उत्तर इंग्लंडातलं, यॉर्कशरमधलं शहर, एकेकाळी लोकरीच्या गिरण्यांवर पोसलेलं. हिवाळ्यात इथे चार वाजताच दिवेलागण होते आणि घराबाहेर पडणाऱ्या प्रत्येकाच्या अंगावर जाडजूड कोट असतो. क्लबात शिरताना तो दाराशी द्यायचा आणि निघताना परत मागून घ्यायचा.

१९९० च्या दशकाच्या अखेरीस इथल्या एका जॅझ क्लबात हे कोट खुंटीला लावायचं काम एक कॉलेजातली मुलगी करायची. लीड्स विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकत होती, हातखर्चाला ही नोकरी. ज्या रात्री गर्दी नसे, त्या रात्री तिला स्टेजवर जाऊन एखादं गाणं म्हणायची मुभा असे. गाणं संपलं की पुन्हा दाराशी, कोटांपाशी.

तिचं नाव कोरिन जॅकलिन बेली. जग तिला कोरिन बेली रे म्हणून ओळखतं. बऱ्याच जणांना नाव आठवणार नाही, पण सायकलवरून हिरव्या रस्त्यांनी निघालेल्या मुलींचा तो व्हिडिओ आणि ते ऊन पडल्यासारखं गाणं लावलं, की ‘अरे, ही होय!’ असं म्हणतील. गंमत अशी, की ते गाणं इतकं ऐकलं गेलं, तरी त्यात ती काय म्हणते आहे याकडे फार कुणाचं लक्ष गेलं नाही.

(दृश्य: लीड्समधल्या विटांच्या घरांच्या रांगा.)

जन्म २६ फेब्रुवारी १९७९. वडील कॅरिबियन समुद्रातल्या सेंट किट्स बेटावरचे, आई यॉर्कशरची गोरी. तीन बहिणींत ही थोरली. शाळेत व्हायोलिन शिकली, शास्त्रशुद्ध, पाश्चात्त्य अभिजात पद्धतीचं. गाण्याची गोडी मात्र लागली चर्चमध्ये. कृष्णवर्णीय गायिका आणि चर्च म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे अमेरिकेतला गॉस्पेलचा, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या भक्तिगीतांचा, दणदणाट येतो. हे चर्च तसं नव्हतं. इंग्लंडातल्या मध्यमवर्गीय बॅप्टिस्ट मंडळींचं होतं आणि तिथल्या तरुण मुलांच्या हातात गिटारी होत्या.

गिटार तिच्याही हातात आली. पंधराव्या वर्षी तिने मैत्रिणींना घेऊन बँड काढला. नाव ठेवलं ‘हेलन’. हेलनच्या मुली काय वाजवायच्या? एलसेव्हन, व्हेरुका सॉल्ट या अमेरिकन बायकांच्या बँड्सचं वारं त्यांच्या अंगात शिरलेलं. गिटारचा आवाज मुद्दाम फाडून, खरखरीत करून वाजवायचा आणि त्यावर ओरडायचं. रोडरनर ही हेवी मेटलसाठी नावाजलेली कंपनी त्यांना करारबद्ध करायच्या बेतात होती. तेवढ्यात बेस वाजवणारी मैत्रीण गरोदर राहिली, करार बारगळला आणि बँडही फुटला.

हा फाटक्या आवाजाच्या गिटारीचा तुकडा ध्यानात असू द्या. तो परत यायला पंचवीस-तीस वर्षं लागणार आहेत.

(दृश्य: रिकामं स्टेज, एकच माइक.)

हेलन मोडल्यावर कोरिन कोटांच्या खोलीत आली आणि तिथे तिच्या कानावर रोज जॅझ पडू लागलं. याच क्लबात तिला जेसन रे भेटला. मूळचा स्कॉटलंडमधल्या ॲबरडीनचा, सॅक्सोफोन वाजवणारा. लीड्सच्या ‘हॅगिस हॉर्न्स’ या ताफ्यात तो होता. २००१ मध्ये दोघांनी लग्न केलं. बेलीला रे जोडलं गेलं ते असं.

तिच्या आवाजाबद्दल थोडं थांबून बोलायला हवं. सोल, म्हणजे कृष्णवर्णीय अमेरिकनांच्या भावनाभरल्या गाण्याची शैली. त्यातली गायिका म्हटलं की भरदार, छप्पर उडवणारा गळा अपेक्षित असतो. हिचा आवाज लहान आहे. किंचित घोगरा, सकाळी उठल्यावर पहिल्यांदा बोलणाऱ्या माणसासारखा. ती शब्दाचं टोक दाबत नाही, श्वासात विरू देते. तालाच्या नेमकं वर न चालता केसभर मागे रेंगाळते. अमेरिकन जॅझ गायिका बिली हॉलिडेशी तिची तुलना झाली ती यामुळेच. घोळक्यात हळू बोलणाऱ्या माणसाचं ऐकायला बाकीच्यांना गप्प व्हावं लागतं, तसा काहीसा तिचा परिणाम होतो.

नोव्हेंबर २००५ मध्ये ‘लाइक अ स्टार’ आलं. बीबीसी दरवर्षी जाणकारांचा कौल घेऊन येत्या वर्षात कोण गाजणार याची यादी काढते. ‘साउंड ऑफ २००६’च्या त्या यादीत तिचं नाव पहिलं होतं. मग ‘पुट युअर रेकॉर्ड्स ऑन’. जॉन बेक आणि स्टीव्ह क्रिसँथू यांच्यासोबत लिहिलेलं हे गाणं ब्रिटनच्या खपाच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं, आणि तिच्याच नावाचा पहिला अल्बम थेट पहिल्या. तेव्हा ती नुकती सत्तावीस वर्षांची झाली होती.

‘पुट युअर रेकॉर्ड्स ऑन’ची सुरुवातच खिडकीशी बसलेल्या तीन पाखरांपासून होते. जमैकन गायक बॉब मार्लेच्या ‘थ्री लिटल बर्ड्स’च्या चाहत्यांना ती पाखरं लगेच ओळखू येतात. चाल सोपी, गिटार हलकी, आणि धृपद असं की दुसऱ्यांदा ऐकताना तुम्ही बरोबर गुणगुणायला लागता. कॅफेत, दुकानात, विमानतळावर, जिथे म्हणून लोकांना बरं वाटावं अशी मालकाची इच्छा असते, तिथे ते लागलं. आणि इथेच कोरिनवर शिक्का बसला: गोड, मऊ, उन्हासारखी. समीक्षकांनी कौतुक केलं तेही याच शब्दांत. माझ्या मते त्या कौतुकानेच तिचं नुकसान केलं. गोड म्हटलं की पुढचं ऐकायची गरज उरत नाही.

(दृश्य: ग्रॅमी सोहळ्यातलं स्टेज. प्रकाशझोत.)

२००७ च्या ग्रॅमी पुरस्कारांत तिला तीन नामांकनं होती. वर्षातलं सर्वोत्तम गाणं, वर्षातलं सर्वोत्तम ध्वनिमुद्रण आणि सर्वोत्तम नवोदित. तिन्हींत हात रिकामा. पुढच्या वर्षी ‘लाइक अ स्टार’ला नामांकन मिळालं, तेव्हा बक्षीस दुसऱ्याच ब्रिटिश मुलीने, एमी वाइनहाउसने नेलं. पण १० फेब्रुवारी २००८ च्या त्याच रात्री सगळ्यांना चक्रावून टाकणारी घोषणा झाली. वर्षातला सर्वोत्तम अल्बम ठरला पियानोवादक हर्बी हँकॉक यांचा ‘रिव्हर’, कॅनेडियन गायिका-गीतकार जोनी मिचेलच्या गाण्यांवर बेतलेला. १९६५ नंतर प्रथमच जॅझच्या अल्बमला हा मान मिळत होता. आणि त्यातलं ‘रिव्हर’ हे शीर्षकगीत गायलं होतं कोरिनने. त्या पुरस्कारात तिचाही वाटा होता.

(संगीत थांबतं.)

त्यानंतर सहा आठवड्यांच्या आत, २२ मार्च २००८ रोजी, लीड्सच्या हाइड पार्क भागातल्या एका फ्लॅटमध्ये जेसन मृतावस्थेत सापडला. दारू आणि मेथाडोन हे अफूच्या जातीचं औषध यांच्या मिश्रणाने, अपघाताने ओढवलेला मृत्यू. वय एकतीस.

कोरिन एकोणतीस वर्षांची होती. ती दिसेनाशी झाली. कार्यक्रम नाहीत, गाणी नाहीत.

(दृश्य: राखाडी समुद्र. बराच वेळ, काही न बोलता.)

दुसरा अल्बम आला २०१० च्या सुरुवातीला. नाव ‘द सी’, म्हणजे समुद्र. पहिलंच गाणं, ‘आर यू हिअर’, जेसनला उद्देशून आहे. गिटारचे मोजके सूर, आणि तिचा आवाज असा की जणू ती त्याच खोलीत कुणाला तरी शोधते आहे. पण या अल्बममधली दोन गाणी मला जास्त हलवतात आणि दोन्हींची जन्मकथा वेगळी आहे.

शीर्षकगीत तिच्या आजोबांबद्दल आहे. बोटीच्या अपघातात ते बुडाले, आणि कोरिनच्या मावशीने लहानपणी ते किनाऱ्यावरून पाहिलं. घरात एखादं मरण असं असतं ज्याबद्दल कुणी फारसं बोलत नाही, तरी ते प्रत्येकाच्या वागण्यात असतं. ते गाणं त्याबद्दल आहे.

दुसरं ‘आय’ड डू इट ऑल अगेन’. भर दुःखातून बाहेर पडून, सगळं पुन्हा करीन असं म्हणणारी विधवा असंच ते ऐकताना वाटतं. प्रत्यक्षात ते तिने जानेवारी २००८ मध्ये लिहिलं, नवऱ्याशी कडाक्याचं भांडण झाल्यावर. तेव्हा तो हयात होता. नवरा-बायकोच्या रुसव्यातलं गाणं. शब्द तेच राहिले. मार्चनंतर त्यांचा अर्थ उलटापालटा झाला आणि स्टुडिओत ते गाणं गाणारीही तीच होती.

वर्षातल्या उत्तम अल्बमला ब्रिटनमध्ये दिल्या जाणाऱ्या मर्क्युरी पुरस्काराच्या अंतिम यादीत ‘द सी’ पोहोचला.

पुढची काही वर्षं भराभर सांगतो. २०११ मध्ये तिने दुसऱ्यांच्या प्रेमगीतांचा एक छोटा संच काढला. त्यातल्या बॉब मार्लेच्या ‘इज धिस लव्ह’साठी २०१२ मध्ये ग्रॅमी मिळालं, आणि या वेळी एकटीच्या नावावर. २०१३ मध्ये तिने संगीतकार स्टीव्ह ब्राउनशी लग्न केलं. ‘द सी’चं ध्वनिमुद्रणही त्याच्यासोबतच झालं होतं. पुढे दोन मुली झाल्या. २०१६ मध्ये ‘द हार्ट स्पीक्स इन व्हिस्पर्स’ हा तिसरा अल्बम. नेटका, सुरेल. पण मला विचाराल तर तो ऐकताना वाटतं की बाई काहीतरी शोधते आहे आणि ते अजून सापडलेलं नाही.

सापडलं ते शिकागोत.

(दृश्य: जुन्या बँकेची दर्शनी बाजू. दगडी खांब.)

शिकागोच्या साउथ साइडला, स्टोनी आयलंड अव्हेन्यूवर १९२३ साली बांधलेली एक बँक आहे. १९८० च्या दशकात ती बंद पडली, छत गळू लागलं, तळघरात पाणी साचलं. इमारत पाडायची ठरली होती. थिएस्टर गेट्स या कलावंताने ती शिकागो नगरपालिकेकडून एका डॉलरला घेतली. दुरुस्तीला मात्र लाखो डॉलर हवे होते. मग या पठ्ठ्याने काय करावं? बँकेतला संगमरवर काढला, त्याच्या लहान लहान फरश्या कापल्या, त्यांवर रोख्यांसारखा मजकूर कोरला आणि स्वित्झर्लंडच्या कलाबाजारात एकेक फरशी पाच हजार डॉलरला विकली. बुडालेल्या बँकेचे रोखे!

२०१५ मध्ये ही इमारत ‘स्टोनी आयलंड आर्ट्स बँक’ म्हणून उघडली. आता तिथे पैशांऐवजी आठवणी ठेवल्या आहेत. ‘एबनी’ आणि ‘जेट’ ही कृष्णवर्णीयांची मासिकं काढणाऱ्या जॉन्सन पब्लिशिंगचा ग्रंथसंग्रह. हाउस या नाचाच्या क्लबांतल्या संगीताचा जनक मानला जाणाऱ्या फ्रँकी नकल्सच्या तबकड्या. आणि एक असा संग्रह, ज्यापुढे उभं राहणं अवघड जातं. कृष्णवर्णीय माणसांची विटंबना करणाऱ्या हजारो वस्तू: बिस्किटांचे डबे, पोस्टकार्डं, बाहुल्या, लहान मुलाच्या उघड्या तोंडाच्या आकाराचे ॲशट्रे. सिगरेट कुठे विझवायची हे सांगायला नको. एडवर्ड विल्यम्स नावाच्या कृष्णवर्णीय बँकरने आणि त्याच्या बायकोने या वस्तू वर्षानुवर्षं विकत घेतल्या, त्या बाजारातून नाहीशा व्हाव्यात म्हणून.

कोरिन इथे आली आणि पुन्हा पुन्हा येत राहिली. कपाटांपाशी, मासिकांच्या गठ्ठ्यांपाशी बसून राहिली. दुसऱ्यांच्या ठेवलेल्या वस्तू सांभाळणारी खोली तिला नवी नव्हतीच.

(दृश्य: एकामागून एक जुनी छायाचित्रं. अचानक गिटारचा फाटका आवाज.)

सप्टेंबर २०२३ मध्ये ‘ब्लॅक रेनबोज’ आला. ‘न्यूयॉर्क ट्रान्झिट क्वीन’ सुरू झालं आणि लोक दचकले. टाळ्या, आरोळ्या, खरखरीत गिटार, आणि दोन मिनिटांत खेळ खलास. ‘हेलन’ बँडमधली मुलगी परत आली होती. गाण्यामागे आहे एक जुनं छायाचित्र: ऑड्री स्मॉल्ट्झ, न्यूयॉर्कच्या वाहतूक खात्याच्या सौंदर्यस्पर्धेची तरुण विजेती, दिमाखात मिरवणारी. ‘इरेझर’मध्ये त्या ॲशट्रेंवरचा संताप आहे, आणि तिथे तिचा तो मऊ आवाज गिटारींच्या गोंगाटात स्वतःला फाडून घेतो.

मग ‘पीच व्हेल्व्हेट स्काय’. फक्त पियानो आणि गळा.

हे गाणं हॅरिएट जेकब्जचं. नॉर्थ कॅरोलिनातल्या इडन्टन गावातली गुलाम बाई. मालकाच्या छळातून सुटण्यासाठी ती आजीच्या घराच्या छपराखाली लपली. जागा नऊ फूट लांब, सात फूट रुंद आणि उंची, जिथे सगळ्यात जास्त तिथे, तीन फूट. उभं राहता येत नाही. कूस बदलली की डोकं कौलांना लागतं. उन्हाळ्यात लाकडातून राळ ठिबकते, वर उंदीर. तिथे ती सुमारे सात वर्षं राहिली. हाती लागलेल्या एका गिरमिटाने तिने भिंतीला बारीक भोकं पाडली आणि त्यांतून रस्त्यावर खेळणारी आपली मुलं पाहत राहिली. मुलांना ठाऊक नव्हतं, आई डोक्यावरच आहे. पुढे ती निसटली आणि १८६१ मध्ये तिने स्वतःची कहाणी छापली. कोरिन त्या भोकातून दिसणारं आभाळ गाते. गाण्यात घाई कुठेच नाही. ज्याच्याकडे आभाळाचा एवढाच तुकडा आहे, तो घाई कशाला करेल?

२०२४ च्या मर्क्युरी यादीत ‘ब्लॅक रेनबोज’ होता. पुरस्कार मिळाला ‘इंग्लिश टीचर’ या बँडला. तोही लीड्सचाच, म्हणजे घरच्या घरी.

(दृश्य: ‘एबनी’ मासिकाची जुनी पानं. सौंदर्यप्रसाधनांच्या जाहिराती.)

या अल्बममधल्या आणखी एका गाण्याकडे वळू. ‘ही विल फॉलो यू विथ हिज आइज’. ‘एबनी’तल्या जुन्या जाहिरातींवरून सुचलेलं. अमुक क्रीम लावा, तमुक लावा, तो तुमच्यावरून नजर हटवणार नाही. पहिला अर्धा भाग ती त्या जाहिरातीच्याच लाडिक सुरात गाते, १९५० च्या दशकातली वाटावी अशी. मग गाणं मध्येच वाकडं होतं, वाद्यं विरघळतात, आणि ती आपल्या काळ्या कातडीच्या तकाकीबद्दल, कुरळे होत जाणाऱ्या आपल्या केसांबद्दल गाऊ लागते. क्रीमची बाटली बाजूला पडलेली असते.

अनेकांनी लिहिलं, कोरिन बेली रे केवढी बदलली!

२०२० च्या टाळेबंदीत सॉल्ट लेक सिटीतल्या एका तरुण गायकाने ‘पुट युअर रेकॉर्ड्स ऑन’ आपल्या पद्धतीने गायलं आणि ते टिकटॉकवर पसरलं. कोरिन पहिल्यांदा गाजली तेव्हा पाळण्यात असलेली मुलं आरशासमोर उभी राहून त्यावर केस मोकळे सोडत होती. आता तेच गाणं, मूळ, तिच्या आवाजात, आपण दुसऱ्या कडव्यापासून लावू. सायकलीकडे पाहू नका. ती एका मुलीला सांगते आहे, त्या पोरांच्या नादी लागू नकोस, आणि लगेच पुढच्या ओळीत तिच्या आफ्रो, म्हणजे गोल फुललेल्या कुरळ्या, केसांचं नाव घेते. जसे आहेत तसे, ते आवडायलाच हवेत.

२००६. विमानतळावर, कॅफेत, दुकानात.

(गाणं, दुसऱ्या कडव्यापासून. पडदा काळा.)